चंद्राला खळं पडतं म्हणजे नक्की काय पडतं? खळं या शब्दाबद्दल सारखे विचारले जाणारे प्रश्न

खळं म्हणजे काय, एका वाक्यात सांगा ना.

चंद्राभोवती कधीकधी जे मोठ्ठं पांढुरकं गोल कडं दिसतं ते खळं. आणि शेतात धान्य मळायला जी गोल जागा चोपून सारवून करतात, ते पण खळंच. आणि सिंधुदुर्गात गेलात तर घरासमोरचं अंगण, ते पण खळंच. एका वाक्याची तीन झाली, पण या शब्दाचं असंच आहे, एक अर्थ सांगायला जावं तर दुसरा मागून येतो.

मी हा शब्द कधी ऐकलाच नाही, खरंच वापरतं का कोणी?

वापरतात, पण वापरणाऱ्यांची वयं बघा. मी पहिल्यांदा ऐकला तो आजीकडून. आजी बार्शीकडची, उन्हाळ्यात आमच्याकडे पुण्याला आली होती, रात्री गच्चीवर गाद्या टाकल्या होत्या आणि तिनं वर बघून अगदी सहज म्हटलं, "खळं पडलंय गं चांदाला, उद्या कुरडया घालू नका." मी आपली खाली बघतेय, म्हटलं कुठं काय पडलं? मग तिनं हनुवटीनंच वर दाखवलं, तेव्हा दिसलं. चंद्र मधे आणि त्याच्याभोवती लांबून, चांगलं लांबून, एक फिकट कडं, इतकं मोठं की निम्मं आभाळ त्यातच गेलंय असं वाटावं. मी त्याआधी शंभर वेळा तरी चंद्र बघितला असेल, पण ते कडं कधी बघितलं नव्हतं. नाव कळल्यावर मग दिसायला लागलं, आणि आता दर एकदोन महिन्यांनी कधी ना कधी दिसतंच.

कुरडयांचं काय झालं म्हणाल तर गहू तीन दिवस भिजवून, वाटून, चीक काढून तयार होता, आता थांबणार कोण, आईनं घातल्याच. दुसऱ्या दिवशी कडकडीत ऊन. तिसऱ्या दिवशी दुपारी वळीव आला आणि आम्ही चौघीजणी साडीची चार टोकं धरून अर्धवट वाळलेल्या कुरडयांसकट जिना उतरलो. आजीचं बरोबर निघालं की चूक यावर आमच्या घरात अजून एकमत नाही.

पण शेतातलं खळं आणि आकाशातलं खळं, दोघांना एकच शब्द कसा काय?

हा प्रश्न मला सगळ्यात आवडतो. याच्यासाठी आधी शेतातलं खळं डोळ्यासमोर आणायला लागतं आणि आता ते कोणी बघितलेलं नसतं, म्हणून जरा सविस्तर सांगते.

ज्वारी काढून, कणसं खुडून झाली की रानातच एक सपाट जागा बघायची. ती खणून, पाणी मारून, माती चोपून चोपून घट्ट करायची आणि वरून शेणानं सारवायची, म्हणजे दाणा मातीत जात नाही. मधोमध एक लाकूड रोवायचं, त्याला आमच्याकडे तिवडा म्हणतात, काही भागात मेढ. त्या तिवड्याला बैल एकाशेजारी एक बांधायचे, या बैलांच्या ओळीला पात म्हणायचं, आणि पात हाकायची. बैल गोल गोल फिरतात, खाली कणसं पसरलेली, खुरांनी दाणा सुटतो. म्हातारा बैल आत तिवड्याजवळ, कारण त्याला कमी चालायला लागतं, तरणा बाहेरच्या अंगाला. तासन् तास असं फिरलं की तिवड्याभोवती एक गोल पट्टा तयार होतो, तुडवून तुडवून फिका, चमकता, भुसकटाचा पांढुरका रंग आलेला.

आता मान वर करा. मधे चंद्र, भोवती पांढुरका गोल पट्टा. तिवडा आणि पात! शब्द लावणाऱ्याला फार डोकं चालवायला लागलं नसणार, त्याला ते दिसलंच तसं.

आणि अजून एक गोष्ट आहे, हा माझा अंदाज म्हणून घ्या. मळणी झाली, वारं बघून उफणणी झाली, म्हणजे वाऱ्यावर भुसकट उडवून दाणा वेगळा केला, की धान्याची रास खळ्यावरच पडलेली असायची, माप होईपर्यंत. ती सोडून घरी कोण झोपणार? मग राखणीला एकदोघं खळ्यावरच घोंगडी टाकून झोपायचे, उघड्यावर, माघ-फाल्गुनाच्या रात्री. म्हणजे जो माणूस पाठीवर पडून रात्रभर चंद्र बघत होता तो त्या वेळी खळ्यावरच पडलेला होता. पाठीखाली एक गोल, वर एक गोल. दुसरा शब्द त्याला सुचणार तरी कुठून.

याला इंग्रजीत हेलो म्हणतात ना? मग सरळ हेलो म्हटलं तर काय बिघडलं?

बिघडलं काही नाही, पण गंमत ऐका. हेलो हा शब्द मुळात ग्रीक 'हालोस' वरून आला, आणि हालोस म्हणजे काय? मळणीची जागा! म्हणजे खळंच. ग्रीक शेतकरी पण गोल जागा करून त्यात बैल फिरवायचा आणि त्यानंही वर बघून चंद्राच्या कड्याला तेच नाव दिलं. रोमचा तत्त्वज्ञ सेनेका, पहिल्या शतकातला, त्यानं तर कारणासकट लिहून ठेवलंय की ग्रीकांनी या तेजाला खळ्याचं नाव दिलं कारण धान्य मळायच्या जागा बहुतेक गोलच असतात.

म्हणजे बार्शीची आजी आणि ग्रीसचा शेतकरी, एकमेकांचं तोंड न बघता एकाच शब्दावर आले. मला हे कळलं तेव्हा दोन दिवस मी भेटेल त्याला हेच सांगत सुटले होते, ऑफिसात लोक कंटाळले. तर मूळ मुद्दा असा की 'मून हेलो' म्हणणारा माणूस नकळत 'चंद्राचं खळं' असंच म्हणत असतो, फक्त ग्रीकमधून. मग मराठीतच म्हणा की, मधे अथेन्सवरून वळसा कशाला.

हा शब्द संस्कृतातून आलाय का?

शेतातलं खळं, हो. संस्कृतात 'खल' म्हणजे मळणीची जागा आणि शब्द चांगलाच जुना आहे, ऋग्वेदाच्या दहाव्या मंडळात इंद्र म्हणतो की खळ्यावर पेंढ्या झोडाव्यात तसा मी शत्रूंना झोडतो. हिंदीतलं खलिहान याच घरातलं, गुजरातीत खळुं. तमिळमध्ये कळम् म्हणजे मळणीची जागा आणि रणांगण पण, म्हणजे खळं आणि रण तिकडेही एकाच शब्दात आलं. खल मुळात संस्कृतातला की दक्षिणेतून तिकडे गेलेला यावर भाषावाल्यांची वादावादी आहे, त्यात मी पडत नाही.

पण आकाशातल्या कड्याला संस्कृतात वेगळा शब्द आहे, परिवेष. अमरकोशात आहे. वराहमिहिरानं सहाव्या शतकात बृहत्संहितेत परिवेषावर स्वतंत्र अध्याय लिहिलाय आणि त्याची सुरुवात वाचून मी चाट पडले, तो म्हणतो की सूर्यचंद्राचे किरण वाऱ्यानं गोल होऊन पातळ ढग असलेल्या आकाशात वेगवेगळ्या रंगाआकारात दिसतात ते परिवेष. वाऱ्याचं सोडा, पण 'पातळ ढग' हे त्यानं बरोब्बर पकडलंय. पुढे मग राजाला काय, सैन्याला काय अशी शुभाशुभाची यादी लागते, ती ज्याला हौस आहे त्यानं वाचावी.

म्हणजे पंडितांचा शब्द परिवेष आणि राखणीवाल्याचा शब्द खळं. मराठीत टिकला तो राखणीवाल्याचा.

बरं, ते कडं पडतं कशानं?

बर्फानं. हो, मे महिन्यातसुद्धा. खाली विदर्भात ४५ डिग्री असेना का, सहासात किलोमीटरच्या वर गेलं की पाणी गोठलेलंच असतं. तिथे सिरो-स्ट्रॅटस नावाचे ढग असतात, शाळेत भूगोलात होते बघा, इतके पातळ की चांदण्या पण दिसतात, आकाशावर मलमलीची ओढणी टाकल्यासारखे. त्यात बर्फाचे बारीक कण असतात, सहा बाजूंचे, न तासलेल्या पेन्सिलीच्या तुकड्यासारखे. चंद्राचा प्रकाश एका बाजूनं आत शिरतो, एक बाजू सोडून पुढच्या बाजूनं बाहेर पडतो आणि त्यात वळतो, म्हणजे शाळेतलं अपवर्तन. कण कसाही आडवातिडवा असला तरी हा प्रकाश साधारण २२ अंशांपेक्षा कमी वळूच शकत नाही, आणि जास्तीत जास्त प्रकाश त्या २२ च्या आसपासच गोळा होतो. म्हणून चंद्रापासून २२ अंशांवर सगळीकडून एक कडं. सतराव्या शतकात मारिओत नावाच्या फ्रेंच माणसानं हे बर्फाच्या लोलकाचं कारण मांडलं.

यावरून दोन गोष्टी निघतात आणि त्या तुम्ही स्वतः बघू शकता. एक, कड्याच्या आतलं आकाश बाहेरच्यापेक्षा काळपट दिसतं, कारण आत प्रकाश पाठवायला कोणी नाही. दुसरं, कड्याची आतली कड किंचित तांबूस असते, कारण लाल रंग सगळ्यात कमी वळतो. चंद्राच्या खळ्यात हा रंग फार फिका, सूर्याच्या खळ्यात स्पष्ट.

ते किती मोठं असतं? मला नुसतं चंद्राला चिकटून काहीतरी रंगीत दिसलं, ते खळं का?

बहुतेक नाही, किंवा असं म्हणू की ते दुसरं खळं. खऱ्या मोठ्या खळ्याची ओळख सोपी आहे: हात पूर्ण लांब करा, पंजा ताणा, अंगठ्याचं टोक चंद्रावर ठेवा, करंगळीचं टोक कड्यावर आलं पाहिजे. एक वीत! प्रत्येकाला स्वतःचीच वीत लागू पडते कारण हात लांब असला की पंजा पण मोठा असतो. चंद्र स्वतः अर्ध्या अंशाचा असतो, म्हणजे खळ्याच्या या काठापासून त्या काठापर्यंत ऐंशीच्या वर चंद्र ओळीनं बसतील.

चंद्राला खेटून जे छोटं, दोनचार बोटांचं, मधे पांढरट आणि काठाला तपकिरी-तांबूस दिसतं ते बर्फाचं नाही, पाण्याच्या थेंबांचं असतं, खालच्या ढगातलं. तिथे प्रकाश थेंबातून वळत नाही, थेंबाच्या कडेनं पसरतो, ते विवर्तन. शास्त्रात दोन्ही वेगळ्या गोष्टी आहेत. पण गावाकडे दोघांनाही खळंच म्हणतात, आणि म्हणूनच पुढचा प्रश्न येतो.

"खळं लांब तर पाऊस जवळ, खळं जवळ तर पाऊस लांब" हे खरं आहे का?

आमच्याकडे हे असंच म्हणतात आणि वेगवेगळ्या गावांत शब्द बदलून ऐकलंय. मी आधी हसायचे, कारण मोठं खळं नेहमी २२ अंशांचंच असतं, ते लांब-जवळ होत नाही. मग लक्षात आलं की म्हणणारा दोन वेगळ्या कड्यांबद्दल बोलतोय. लांबचं म्हणजे बर्फाचं, जवळचं म्हणजे थेंबांचं. हे कळल्यावर ते म्हणणं एकदम शहाणं वाटायला लागतं.

कारण मोठी पावसाची सिस्टीम येत असली की तिचे सगळ्यात उंच ढग सगळ्यात आधी पुढे पसरतात. वळवाच्या ढगाचा माथा पण वर जाऊन ऐरणीसारखा सपाट पसरतो, तो बर्फाचाच. म्हणजे आकाशात उंचावर बर्फाचा पडदा आला की मागून काहीतरी येत असण्याची शक्यता असते. जवळचं कडं पाडणारे ढग नुसतेच इकडेतिकडे फिरणारे पण असू शकतात.

पण शक्यता म्हणजे खात्री नाही हां. थंडीत आपल्याकडे नुसते उंच ढग येऊन जातात, झकास खळं पडतं आणि एक थेंब येत नाही. मे-जूनमध्ये मी जरा जास्त विश्वास ठेवीन. आणि वाळवणं घालायची की नाही हे ठरवायला आता मोबाईलवर ढगांचं चित्र दिसतंच, खळं बघा, पण ते चित्रपण बघा.

खळं फक्त चंद्रालाच पडतं का?

नाही, सूर्याला पण, आणि खरं तर जास्त वेळा, फक्त सूर्याकडे कोण बघत बसतंय. २४ मे २०२१ ला बेंगळुरूमध्ये सकाळी सूर्याला असं ठसठशीत खळं पडलं होतं की दिवसभर सगळ्यांच्या फोनवर तेच फोटो, आणि लॉकडाऊनमुळे लोक घरीच, त्यामुळे गच्च्या भरलेल्या. बघायचं असेल तर सूर्य हातानं किंवा इमारतीच्या कोपऱ्यानं झाका, थेट बघू नका, कॅमेऱ्यातून पण नको.

माझ्या सासरी मालवणला खळं म्हणजे अंगण म्हणतात, ते चुकीचं आहे का?

अजिबात नाही, आणि हा प्रश्न विचारणारे खूप आहेत. माझाच किस्सा सांगते. लग्नानंतर पहिल्यांदा कुडाळकडे नवऱ्याच्या आत्याकडे गेले तर आत्याबाई म्हणाल्या, "खळ्यात बस गे, चाय हाडतंय." मी देशावरची, माझ्या डोक्यात खळं म्हणजे रानात. मी चपला घालून निघाले मागच्या शेताकडे! आत्याबाई चहाचे कप घेऊन बाहेर आल्या तर सून गायब. अजून घरात कोणी दिसलं नाही की "गेली काय खळ्यात?" असं विचारतात.

पण बघा, गोष्ट एकच आहे. कोकणात जागा कमी, डोंगर उतार, सपाट जमीन म्हणजे घरासमोरचीच. पावसाळ्यात तिथे गवत शेवाळ माजतं, पाऊस ओसरला की ते सगळं खरवडून, माती घालून, पाणी मारून, चोपून, शेणानं सारवून नवं खळं करायचं. भाताची झोडणी तिथेच, वाळवणं तिथेच, कार्तिकात तुळशीचं लग्न तिथेच, आणि उन्हासाठी वर चुडतांचा माटव, म्हणजे नारळाच्या झावळ्यांचा मांडव. म्हणजे मळणीचीच जागा, फक्त ती घराला येऊन चिकटली आणि मग मळणी गेली तरी नाव राहिलं. आता त्यावर फरशी बसवलीय, स्कूटर लावतात, तरी म्हणतात खळंच. गोव्यात कोंकणीत पण खळें आहेच.

खळं, खळे की खळें? नेमकं काय लिहायचं?

बोलताना खळं, लिहिताना प्रमाण मराठीत खळे, आणि जुन्या पुस्तकात, म्हणजे मोल्सवर्थच्या १८५७ च्या कोशासारख्या ठिकाणी शोधाल तर खळें, कारण तेव्हा नपुंसकलिंगी शब्दावर अनुस्वार द्यायचे. १९६२ च्या नियमांनी न बोलले जाणारे अनुस्वार काढले. पण बोलीतलं 'खळं' लिहिताना टिंब द्यायचंच, नाहीतर ते खळ होईल आणि खळ म्हणजे भलतंच.

अनेकवचन खळी. पुढे प्रत्यय लागला की खळ्या: खळ्यात, खळ्यावर, खळ्याभोवती. क्रियापद मात्र अर्थाप्रमाणे बदलतं, इथे बरेच जण चुकतात. चंद्राला खळं पडतं, शेतात खळं करतात. "चंद्रानं खळं केलं" असं मी तरी कोणाच्या तोंडी ऐकलं नाही.

मग गालावरची खळी, चिकटवायची खळ, हे सगळं एकाच घरातलं का?

दिसायला भावंडं, पण सगळी सख्खी नाहीत.

गालावरची खळी म्हणजे छोटा खोलगटपणा, तिचा खळग्याशी संबंध. गंमत म्हणजे खळं याचं अनेकवचन पण खळी, त्यामुळे "खळी पडली" म्हटलं तर आधी कोण हसलं ते बघायला लागेल. खळ म्हणजे पिठाची शिजवून केलेली चिकट लापशी, पोस्टर चिकटवायला, कापडाला कडकपणा यायला. "खळ पडू दिला नाही" मधला खळ म्हणजे खंड. पसायदानात "जे खळांची व्यंकटी सांडो" आहे तिथे खळ म्हणजे दुष्ट माणूस, तोही संस्कृत खल, पण अर्थ वेगळा. एका शाळकरी मुलानं मला अगदी गंभीरपणे विचारलं होतं की ज्ञानेश्वर माउलींनी चंद्राच्या खळ्याबद्दल लिहिलंय का. मी नाही म्हणाले, पण मनातून वाटलं, असतं तर काय बहार आली असती.

खलबत्त्यातला खल हा कुटायचा. आणि खलबतं? ती थेट अरबी-फारसीतून आलीत, खल्वत म्हणजे एकांत, त्यांचा खल या शब्दाशी पण संबंध नाही आणि खळ्याशी तर नाहीच.

नेटवर खळे शोधलं की गाणीच येतात!

येणारच, संगीतकार श्रीनिवास खळे (१९२६-२०११). शोधताना 'चंद्राला खळे' असं पूर्ण टाका. आणि गाणी आलीच तर ऐका, नुकसान काही नाही.

चंद्राच्या खळ्याचा फोटो माझ्या फोनवर येतच नाही, काय करू?

झूम करू नका, ही पहिली चूक. चंद्र म्हटलं की बोटं आपोआप झूमला जातात, पण खळं प्रचंड मोठं, ४४ अंशांचं, ते झूममध्ये मावणारच नाही. साधा किंवा वाइड कॅमेरा घ्या, नाइट मोड लावा, फोन कठड्यावर टेकवा म्हणजे हलणार नाही. आणि चंद्र एखाद्या खांबामागे, पाण्याच्या टाकीमागे, नारळाच्या झाडामागे दडवा, नाहीतर सगळ्या फोटोत त्याचाच पांढरा गोळा पसरतो. तुमचा फोटो फिका आला तर निराश होऊ नका, डोळ्यांनाही ते फिकंच दिसतं. पुनवेच्या मागचेपुढचे चारपाच दिवस बरे, कोरीला खळं पडलं तरी आपल्याला दिसण्याइतका उजेड नसतो.

आता शेतात खळी राहिलीत का?

फार कमी. आता हडंबा येतो, ट्रॅक्टरला लावलेलं मळणीचं मशीन, घरघर करत तासाभरात काम उरकतो, भुसकट एकीकडे, धान्य थेट पोत्यात. बैलच नाहीत तर पात कुठली आणि तिवडा कुठला. काही ठिकाणी लोक पीक सरळ डांबरी रस्त्यावर पसरतात आणि येणाऱ्याजाणाऱ्या गाड्या मळणी करून जातात, तेवढं तरी गोल नाही, लांबट खळं म्हणा. याला मी रडत नाही, आजीनं स्वतः सांगितलंय की खळ्याच्या दिवसात कंबर मोडायची आणि भुसकटानं अंग खाजायचं ते वेगळंच.

पण खळ्याबरोबर त्याच्या अंगाखांद्यावरचे शब्द पण जातायत. रास मोजताना पहिल्या पायलीला 'एक' म्हणायचं नाही, 'लाभ' म्हणायचं, मग दोन, तीन. सुतार, लोहार, कुंभार आपलं बलुतं न्यायला खळ्यावरच यायचे, वर्षाचा हिशेब तिथेच. आज विशीतल्या मुलाला मी पात, तिवडा, वावडी (उफणताना उभं राहायची उंच तिवई) म्हटलं तर तो माझ्याकडे बघत राहतो. खळं हा शब्द कुठे टिकलाच तर कदाचित वर आकाशातच टिकेल, कारण तिथे हडंबा पोचत नाही.

शाळेच्या प्रोजेक्टमध्ये 'प्रभामंडळ' लिहू की 'खळे'?

प्रभामंडळ म्हणजे देवांच्या फोटोत डोक्यामागे असतं ते, माझ्या डोळ्यासमोर तरी तेच येतं. तेजोवलय पण त्यातलंच. परिवेष अचूक आहे पण वाचणाऱ्याला पुन्हा समजावून सांगायला लागेल. मी तरी सरळ 'चंद्राचे खळे' लिहीन आणि खाली बर्फाच्या कणाची सहाबाजू आकृती काढीन. बाईंनी विचारलं तर ग्रीसची गोष्ट सांगा, मार्क कापायची हिंमत होणार नाही.

सगळे अर्थ एका वाक्यात बसवून दाखवा बघू!

घ्या: "कुडाळच्या खळ्यात लहानाची मोठी झालेली आणि बार्शीच्या खळ्यावर राशीची राखण करत बसलेली नवी सून चंद्राला पडलेलं खळं बघून हसली तेव्हा तिच्या गालाला खळी पडली." आजीला वाचून दाखवलं. तिनं एवढंच विचारलं की कुडाळची पोरगी बार्शीला दिलीच कशी, आणि ती वर बघत बसली तर राशीकडे कोण बघतंय?